तहात दिलेल्या लेकी

इ.स.पू. ३७ मध्ये रोमन सेनापती मार्क अँटनी तीनशे जहाजांचा ताफा घेऊन ग्रीसहून इटलीच्या किनाऱ्याला लागला, तेव्हा ब्रुंडिसियमच्या लोकांनी त्याला बंदरात शिरू दिले नाही. तो तसाच किनाऱ्याकिनाऱ्याने टॅरेंटमला गेला. ऑक्टेव्हियन, म्हणजे पुढे ऑगस्टस या नावाने रोमचा पहिला सम्राट झालेला तरुण, हा त्याचा मेहुणा. पण दोघांमधला संशय इतका वाढला होता की आता तलवारी उपसायच्याच बाकी होत्या. अँटनीबरोबर त्याची पत्नी ऑक्टेव्हिया होती, ऑक्टेव्हियनची सख्खी मोठी बहीण. ती गरोदर होती. मला भावाकडे जाऊ द्या, असे तिनेच नवऱ्याला सांगितले. तिने भावाला वाटेत गाठले, अग्रिप्पा आणि मीसिनस या त्याच्या दोन विश्वासू मित्रांना सोबत घेतले आणि त्यांच्यादेखत त्याला विनवले. ग्रीक चरित्रकार प्लुटार्क तिचे बोलणे देतो ते असे: आज सगळ्यांची नजर माझ्यावर आहे, कारण दोन सेनापतींपैकी एकाची मी पत्नी आणि दुसऱ्याची बहीण आहे, युद्ध पेटले तर तुमच्यात कोण जिंकेल आणि कोण हरेल हे ठरलेले नाही, पण माझ्या वाट्याला दोन्हीकडून दुःखच येणार.

प्लुटार्कने हे सुमारे दीड शतकानंतर लिहिले, त्यामुळे शब्द त्याचे आहेत हे उघड आहे. परंतु त्यानंतर जे घडले त्याचा तपशील मला त्या भाषणापेक्षाही अधिक बोलका वाटतो. दोघांचा समेट झाला, एकमेकांकडे जेवणे झाली आणि देवघेव ठरली: ऑक्टेव्हियनने पूर्वेकडच्या पार्थियन राज्यावरील मोहिमेसाठी दोन लीजन, म्हणजे रोमन सैन्याच्या दोन मोठ्या पलटणी, द्यायच्या आणि अँटनीने शंभर युद्धनौका द्यायच्या. ठरले ते एवढेच. या ठरावाच्या बाहेर ऑक्टेव्हियाने नवऱ्याकडून भावासाठी वीस हलकी जहाजे मागून घेतली आणि भावाकडून नवऱ्यासाठी एक हजार सैनिक मागून घेतले. तहाची कलमे पुरुषांनी लिहिली. त्या कलमांवर हे वरचे माप मात्र तिने टाकले. सासर आणि माहेर यांच्यामध्ये उभ्या असलेल्या बाईला दोन्हीकडच्यांच्या मनाचा जो अंदाज असतो, तो त्या वीस जहाजांत आणि हजार सैनिकांत मला दिसतो.

रोमन इतिहासाच्या पुस्तकांत या लग्नांना ‘राजकीय विवाह’ असे म्हणून एका ओळीत पुढे जाण्याची पद्धत आहे, आणि ती मला कधीच पटलेली नाही. तह एका दिवसात होतो. तो टिकवणे हे मात्र रोजचे काम असते, आणि रोमच्या बड्या घराण्यांत ते काम मुलींच्या, बहिणींच्या आणि बायकांच्या गळ्यात पडले होते. त्यांनी ते कसे केले हे समजून घेतल्याशिवाय गणराज्याच्या शेवटच्या पन्नास वर्षांचे राजकारण समजत नाही, असे माझे ठाम मत आहे.

रोममध्ये आजच्या अर्थाने राजकीय पक्ष नव्हते. कॉन्सल या सर्वोच्च पदाची निवडणूक, प्रांताचा कारभार, लष्कराचे नेतृत्व यांसाठी जे पाठबळ लागे ते नात्यांतून, मैत्रीतून आणि उपकारांच्या देवघेवीतून उभे राही. सोयरीक ही त्यातली सर्वांत दिसणारी आणि सर्वांत लवकर जुळणारी गाठ होती. ती तितक्याच लवकर सुटतही असे. गणराज्याच्या अखेरच्या काळात बहुतेक लग्ने अशी होत की मुलगी नवऱ्याच्या घरी गेली तरी कायद्याने बापाच्याच सत्तेखाली राही. घटस्फोटाला न्यायालय लागत नसे. नवऱ्याने किंवा बायकोने वेगळे होण्याचा निर्णय कळवला की पुरे. हुंडा साधारणपणे परत करावा लागे आणि मुले बापाकडे राहत. मुलीचे नावही घराण्याचे: ज्युलियस घराण्यातली ती ज्युलिया, कॉर्नेलियस घराण्यातली ती कॉर्नेलिया. कोणाच्या घरातून आली हे तिच्या नावावरच लिहिलेले असे आणि लग्नानंतर ते बदलत नसे. सासरी वावरताना ती आपल्या माहेरची सतत दिसणारी निशाणी होती.

ही व्यवस्था किती निष्ठुर होऊ शकते याचे उदाहरण तरुण पॉम्पीच्या पहिल्या दोन लग्नांत सापडते. वडिलांनी लाटलेल्या लुटीबद्दल त्याच्यावर खटला चालला होता आणि न्यायाधीश होता अँटिस्टियस. त्याला हा तरुण इतका आवडला की त्याने आपली मुलगी अँटिस्टिया त्याला गुपचूप देऊ केली. बातमी फुटलीच. निर्दोष असल्याचा निकाल वाचला जाताच जमलेल्या लोकांनी ‘तालासिओ’ अशी आरोळी ठोकली. ही आरोळी रोमन लोक लग्नात देत. पुढे इ.स.पू. ८२ मध्ये पॉम्पीचा सासरा म्हणून संशय घेऊन अँटिस्टियसला सेनेटच्या सभागृहात ठार मारण्यात आले. त्यानंतर सुल्ला सर्वसत्ताधीश झाला आणि त्याने पॉम्पीला सांगितले की अँटिस्टियाला सोड आणि माझी सावत्र मुलगी एमिलिया कर. एमिलिया तेव्हा दुसऱ्याची पत्नी होती आणि तिला दिवस गेलेले होते. पॉम्पीने हुकूम मानला. ज्या नवऱ्यापायी बाप गेला त्यानेच टाकलेल्या मुलीकडे पाहून अँटिस्टियाच्या आईने आत्महत्या केली. एमिलिया पॉम्पीच्या घरात बाळंतपणात मरण पावली. या सगळ्यातून पॉम्पी मात्र अधिक वजनदार होऊन बाहेर पडला.

त्याच सुल्लाने आणखी एका तरुणाला असाच हुकूम दिला होता. ज्युलियस सीझर तेव्हा जेमतेम अठरा वर्षांचा होता आणि त्याची पत्नी कॉर्नेलिया ही सुल्लाच्या शत्रूची, सिनाची, मुलगी. सीझरने तिला सोडायला नकार दिला. त्याचे पुरोहितपद गेले, बायकोचा हुंडा जप्त झाला, वारसाहक्क गेला आणि तापाने फणफणत रोज रात्री जागा बदलून लपत राहण्याची वेळ त्याच्यावर आली. सीझरच्या पुढच्या कारकिर्दीत आदर वाटावा असे मला फारसे सापडत नाही. या नकाराबद्दल मात्र मला त्याच्याविषयी नेहमीच आदर वाटत आला आहे. त्या लग्नाची मुलगी ज्युलिया. तिच्याच बाबतीत पुढे बापाने सुल्लाच्या वळणाचा व्यवहार केला, हे म्हणूनच मनाला लागते.

पॉम्पी पूर्वेकडून विजयी होऊन परतला तेव्हा आधी त्याने सेनेटमधला सीझरचा कट्टर विरोधक कॅटो याच्या घरात मागणी घातली होती. त्या घरातल्या बायकांना हे स्थळ फार आवडले होते, पण कॅटो म्हणाला, मी बायकांच्या दालनातून पकडला जाणारा माणूस नव्हे. प्लुटार्कच्या मते कॅटोने इथे घोडचूक केली, कारण त्याने नाकारलेला पॉम्पी सीझरच्या पदरात पडला. इ.स.पू. ५९ मध्ये सीझरने ज्युलियाची दुसरीकडे झालेली सोयरीक मोडली आणि तिचे लग्न पॉम्पीशी लावले. पॉम्पी सासऱ्यापेक्षा सहा वर्षांनी मोठा होता. ज्याचे लग्न मोडले त्याला पॉम्पीची मुलगी देऊ करण्यात आली, जिची सोयरीक सुल्लाच्या मुलाशी झालेली होती. आणि सीझरने स्वतः पिसोची मुलगी कॅलपर्निया केली, तर पिसो पुढच्याच वर्षी कॉन्सल झाला. बायकांच्या देवघेवीवर प्रांत आणि सैन्ये वाटली जात आहेत, राज्य लग्नांच्या बाजारात विकले जात आहे, असा आक्रोश कॅटोने केला.

त्याचा राग खरा होता. पण जे त्याने हिशेबात धरले नाही आणि कदाचित सीझरनेही धरले नव्हते, ते असे की ज्युलिया आणि पॉम्पी यांचे एकमेकांवर प्रेम बसले. वयात जवळजवळ तीस वर्षांचे अंतर, लग्न निव्वळ सोयीचे. तरी पॉम्पी तिच्यासाठी राजकारण बाजूला सारून इटलीतल्या आपल्या मळ्याबागांमध्ये रमतो अशी टीका लोक करू लागले. इ.स.पू. ५५ मध्ये एडाइल या नगराधिकाऱ्यांच्या निवडणुकीत हाणामारी झाली आणि पॉम्पीच्या अंगरख्यावर दुसऱ्यांचे रक्त उडाले. त्याने कपडे बदलले आणि रक्ताळलेला टोगा नोकरांबरोबर घरी पाठवला. दारात गडबड, नोकरांच्या हातात नवऱ्याचा रक्ताने भरलेला टोगा. ज्युलियाने तो पाहिला आणि ती बेशुद्ध पडली. तिला दिवस गेले होते, ते त्या धक्क्याने गेले. सीझरशी असलेल्या मैत्रीवरून पॉम्पीला नावे ठेवणाऱ्यांनीही या प्रेमाला नावे ठेवली नाहीत, असे प्लुटार्क सांगतो.

पुढच्या वर्षी ती बाळंतपणात गेली. मूलही काही दिवसांत गेले. सीझर तेव्हा ब्रिटनच्या मोहिमेवर होता. बातमी त्याला पत्रांतून कळली. पॉम्पी तिला आल्बाच्या आपल्या मळ्यात पुरणार होता, पण लोकांनी तिचे शव उचलले आणि मार्सच्या मैदानात नेले. कॉन्सलचा विरोध त्यांनी जुमानला नाही. सार्वजनिक जीवनात कोणतेही पद नसलेल्या एका तरुण स्त्रीसाठी रोमच्या गर्दीने हे केले. आपल्या शहराची शांतता कोणाच्या अस्तित्वावर टेकलेली होती हे त्या गर्दीला कळले होते, असे मला वाटते.

ज्युलिया जगती तर पुढे सीझर आणि पॉम्पी यांच्यात झालेली यादवी टळली असती, असे पुष्कळ प्राचीन लेखक म्हणतात. इतके सरळ ते नसावे. इ.स.पू. ५३ मध्ये सीझर आणि पॉम्पी यांचा सत्तेतला तिसरा भागीदार क्रॅसस पार्थियात मारला गेला आणि तिघांमधला समतोल मोडला. सीझरच्या अधिकाराची मुदत, सेनेटमधले त्याचे शत्रू, दोघांची न शमणारी महत्त्वाकांक्षा ही कारणे ज्युलियाच्या हयातीतही तशीच राहिली असती. तरीही एक गोष्ट विसरता येत नाही. ती गेल्यावर सीझरने लगेच दुसरी सोयरीक सुचवली. आपल्या बहिणीची नात पॉम्पीला द्यायची आणि पॉम्पीची मुलगी आपण करायची. ही बहिणीची नात म्हणजेच ऑक्टेव्हिया, आणि ती तेव्हा मार्सेलसची पत्नी होती. पॉम्पीने नकार दिला आणि इ.स.पू. ५२ मध्ये मेटेलस सिपिओची मुलगी कॉर्नेलिया केली. ती क्रॅससच्या मुलाची विधवा होती, वीणा वाजवणारी, भूमिती आणि तत्त्वज्ञान शिकलेली. नव्या सासऱ्याबरोबर पॉम्पी सीझरच्या विरोधकांच्या बाजूला गेला. इकडे सीझर पहिल्या कॉन्सलपदापासून थेट यादवी सुरू होईपर्यंत आपल्या मृत्युपत्रात पॉम्पीचेच नाव वारस म्हणून लिहीत होता, असे रोमन चरित्रकार सुएटोनियस नोंदवतो. जावई राहिला नव्हता, तरी त्याचे नाव कागदावरून पुसले गेले नव्हते.

या सर्व काळात निर्णय पुरुषच घेत होते असे मात्र नाही. प्रसिद्ध वक्ता आणि राजकारणी सिसेरो सिलिसिया प्रांताचा कारभार पाहत असताना त्याची मुलगी टुलिया हिचे तिसरे लग्न घरी पत्नी टेरेन्शिया आणि टुलिया यांनीच ठरवून टाकले, आणि निवडलेला डोलाबेला नेमका त्या माणसावर खटला भरत होता ज्याला खूश ठेवण्याची सिसेरोची तेव्हा धडपड चाललेली होती. सिसेरोला दूरवरून सारवासारव करत बसावे लागले. निवड वाईट ठरली हे खरे. पण दोघी घरात बसून कोणाच्या पत्राची वाट पाहत राहिल्या नाहीत, हेही तितकेच खरे.

ऑक्टेव्हियाकडे परत येतो, कारण माझ्या मते या सगळ्या विषयाचे मर्म तिच्या आयुष्यात आहे. इ.स.पू. ४० मध्ये तिचा नवरा मार्सेलस वारला. त्याच सुमाराला अँटनीची पत्नी फुल्व्हियाही वारली, आणि अँटनी व ऑक्टेव्हियन यांच्यात ब्रुंडिसियमला झालेल्या समेटावर शिक्कामोर्तब म्हणून ऑक्टेव्हियाचे लग्न अँटनीशी ठरले. विधवेने दहा महिने थांबावे असा नियम होता. सेनेटने खास ठराव करून तो तिच्यापुरता शिथिल केला. शोक किती दिवस करायचा हेसुद्धा राज्याच्या गरजेने ठरले. तिचा चेहरा अँटनीच्या नाण्यांवर आला, आणि रोमन नाण्यांवर खात्रीने ओळखता येणाऱ्या पहिल्या स्त्री-चेहऱ्यांपैकी तो एक आहे. केस मागे ओढून मानेवर साधा अंबाडा, नाक सरळ, दृष्टी समोर. आशियातल्या काही चांदीच्या नाण्यांवर ती आणि अँटनी एकाच बाजूला, एकामागे एक अशी दिसतात. समेटाची जाहिरात लोकांच्या हातोहाती फिरत होती.

टॅरेंटमनंतर अँटनी पूर्वेला गेला आणि क्लिओपात्रापाशी राहिला. इ.स.पू. ३५ मध्ये ऑक्टेव्हिया कपडे, जनावरे, पैसा आणि दोन हजार निवडक सैनिक घेऊन त्याच्याकडे निघाली. अथेन्सला पोहोचली तेव्हा तिथेच थांब असे सांगणारी त्याची पत्रे तिच्या हाती पडली. तिला कळायचे ते कळले. तरीही सोबत आणलेले सामान कुठे पाठवू, एवढेच तिने उलट विचारले. प्लुटार्कच्या म्हणण्यानुसार भावाने तिला जाऊ दिले ते बहिणीच्या मायेपोटी नव्हे. तिचा अपमान झाला तर युद्धाला चांगले निमित्त मिळेल असा त्याचा हिशेब होता, असे बहुतेकांचे मत होते. हे वाचताना मला अँटनीपेक्षा ऑक्टेव्हियनचा राग अधिक येतो. नवऱ्याने तिला टाकले. भावाने मात्र ती टाकली जावी म्हणून तिला धाडले. त्याच वर्षी तिला आणि आपली पत्नी लिव्हिया हिला त्याने ट्रिब्यून या लोकप्रतिनिधींना असे तशी अवध्यता दिली, पुतळे उभारण्याचा मान दिला, आणि पालकाशिवाय स्वतःचे व्यवहार करण्याची मुभा दिली. मान मोठा होता. पण तिचा अपमान हा आता राज्याचा अपमान ठरेल, अशी तजवीजही त्याने त्यातच करून ठेवली होती.

रोमला परतल्यावर भाऊ म्हणाला, त्याचे घर सोड. तिने सोडले नाही. नवऱ्याच्याच घरात ती राहिली, आपल्या मुलांबरोबर फुल्व्हियाची मुलेही सांभाळली, अँटनीचे मित्र काही कामासाठी रोमला आले तर त्यांना आसरा दिला आणि त्यांची कामे भावाकडून करून दिली. दोन सेनापतींमधले युद्ध एका बाईवरून पेटले असे कोणी म्हणता कामा नये, एवढेच तिचे म्हणणे होते. नकळत तिच्या या वागण्यानेच अँटनीचे नुकसान झाले, कारण अशा पत्नीला दूर लोटणाऱ्याविषयी रोमच्या लोकांच्या मनात चीड उत्पन्न झाली. इ.स.पू. ३२ मध्ये त्याची माणसे तिला घराबाहेर काढायला आली, तेव्हा युद्धाच्या कारणांत आपलेही नाव घेतले जाईल म्हणून ती रडली. अँटनी आणि क्लिओपात्रा गेल्यावर त्यांची उरलेली मुलेही तिच्याकडे वाढली. क्लिओपात्राची मुलगी सेलेने हिचे लग्न पुढे मॉरेटानियाचा राजा ज्युबा याच्याशी झाले. ऑक्टेव्हियाच्या पोटी अँटनीला झालेल्या दोन मुलींच्या वंशात कॅलिग्युला, क्लॉडियस आणि निरो हे तीन सम्राट झाले. ॲक्टियमच्या लढाईत ऑक्टेव्हियनकडून हरलेल्या माणसाचे रक्त जिंकणाऱ्याच्या सिंहासनावर बसले ते असे.

ऑगस्टस होऊन ऑक्टेव्हियनने लग्नसंस्था सुधारण्याचे कायदे केले, इ.स.पू. १८ मध्ये, आणि स्वतःच्या घरात मात्र जुनीच रीत अधिक कडकपणे चालवली. त्याला एकच मूल होते, तिचेही नाव ज्युलिया. दोन वर्षांची असताना तिची सोयरीक अँटनीच्या मुलाशी ठरली होती. मग ऑक्टेव्हियाचा मुलगा मार्सेलस, तो वारल्यावर अग्रिप्पा. तू त्याला इतके मोठे केले आहेस की आता एकतर त्याला जावई कर नाहीतर मारून टाक, असे मीसिनस ऑगस्टसला म्हणाला होता. त्यासाठी अग्रिप्पाने ऑक्टेव्हियाची मुलगी सोडली. इ.स.पू. १२ मध्ये अग्रिप्पाही वारला आणि पाळी लिव्हियाच्या पहिल्या नवऱ्यापासूनच्या मुलाची, टायबेरियसची, आली.

टायबेरियसची पत्नी विप्सेनिया ही अग्रिप्पाची मुलगी. जेमतेम वर्षाची असताना तिची सोयरीक ठरली होती. पण संसार सुखाचा झाला, मुलगा झाला आणि ती पुन्हा गरोदर होती. तिला सोडून ज्युलियाशी लग्न कर, असा हुकूम आला आणि टायबेरियसने तो पाळला. त्यानंतर एकदा ती त्याला रस्त्यात दिसली. तिच्याकडे पाहता पाहता त्याचे डोळे भरून आले आणि त्याची नजर तिच्यामागून हटेना, असे सुएटोनियस लिहितो. तेव्हापासून ती पुन्हा कधी त्याच्या नजरेस पडू नये अशी खबरदारी घेण्यात आली. ही खबरदारी घेणाऱ्यांना नेमके ठाऊक होते की आपण काय तोडले आहे. पुढे विप्सेनियाचे लग्न असिनियस गॅलसशी झाले. टायबेरियस सम्राट झाल्यावर अनेक वर्षांनी गॅलसला कैद झाली आणि तो कैदेतच उपासमारीने मेला.

ज्युलिया आणि टायबेरियस यांचे जमले नाही. इ.स.पू. २ मध्ये व्यभिचाराच्या आरोपावरून बापाने तिला पंडाटेरिया नावाच्या लहानशा बेटावर पाठवले. तिथे तिला मद्य वर्ज्य होते आणि परवानगीवाचून कोणा पुरुषाने बेटावर पाऊल ठेवायचे नव्हते. तिच्याबरोबर स्वतःहून गेली ती तिची आई, स्क्रिबोनिया.

ही स्क्रिबोनियाही तहातलीच. तिच्या भावाची मुलगी पॉम्पीचा मुलगा सेक्स्टस पॉम्पी याला दिलेली होती, म्हणून त्याच्याशी जवळीक साधायला ऑक्टेव्हियनने इ.स.पू. ४० मध्ये तिच्याशी लग्न केले, आणि गरज संपताच, ज्या दिवशी ज्युलिया जन्मली त्याच दिवशी, तिला सोडले. तिच्या स्वभावाच्या विकृतीला कंटाळून सोडले, असे त्याने स्वतः लिहून ठेवले. नवी बायको लिव्हिया तेव्हा पहिल्या नवऱ्यापासून गरोदर होती आणि त्या पहिल्या नवऱ्यानेच बापाच्या जागी उभे राहून तिला ऑगस्टसच्या हाती दिले. ऑगस्टसची ही ओळ शतकानुशतके स्क्रिबोनियाला चिकटून राहिली. मला त्याच्या साक्षीपेक्षा रोमन तत्त्वज्ञ सेनेकाची साक्ष अधिक विश्वासाची वाटते. तो तिला भारदस्त स्त्री म्हणतो. इ.स. १६ मध्ये, मुलगी आणि ऑगस्टस दोघेही गेल्यावर, तिच्या माहेरच्या लिबो ड्रुसस या तरुणावर राजद्रोहाचा आरोप आला आणि आपणच जीव द्यावा की काय असा विचार तो करू लागला. खूप म्हातारी झालेली स्क्रिबोनिया तेव्हा त्याच्या घरी होती. दुसऱ्याचे काम तू आपल्या हाताने का करतोस, असे तिने त्याला विचारले. त्याने ऐकले नाही. ज्या माहेरासाठी तिला एकदा दिली गेली होती, त्याच्या वाईट दिवसांत ती तिथे हजर होती. सेनेकाने नोंदवलेले हे तिचे वाक्य ऑगस्टसच्या त्या ओळीशेजारी ठेवून वाचले जावे, असे मला वाटते.